नाव लिहिणारा हात

टेड चियांग या चिनी वंशाच्या अमेरिकन लेखकाची 'सेव्हन्टी-टू लेटर्स' ही दीर्घकथा २००० साली प्रथम प्रसिद्ध झाली आणि २००२ साली त्यांच्या पहिल्या कथासंग्रहात आली. विज्ञानकथा म्हटली की आपल्याकडचा गंभीर वाचक ती मुलांच्या कपाटात ठेवतो. ही कथा मात्र आमच्या वाचकांनी मुद्दाम वाचावी असे आम्हाला वाटते. ज्या समाजाचे बरेचसे भवितव्य कागदावरच्या नावावर अवलंबून असते, त्या समाजाशी या कथेचे जवळचे नाते आहे.

कथा घडते एकोणिसाव्या शतकातल्या इंग्लंडमध्ये, पण ते इंग्लंड आपल्या इतिहासाच्या पुस्तकातले नव्हे. तिथे चर्मपत्राच्या तुकड्यावर बहात्तर हिब्रू अक्षरांचे नाव लिहून मातीच्या पुतळ्यात घातले की पुतळा चालू लागतो. अशी नावे रचणे हा रीतसर व्यवसाय आहे. त्यांना आपण 'नामकार' म्हणू. नामकाराला ना तपश्चर्या लागते ना करामत. तो कारखान्यात पगारावर काम करतो, अक्षरांची उलटसुलट जुळणी करून पाहतो, शंभर नावे वाया घालवतो तेव्हा एखादे चालते. गूढ गोष्टीला पगारपत्रकावर आणून बसवणे, इथेच चियांगने अर्धी बाजी मारली आहे.

लिहिलेले शब्द जग बदलतात ही कल्पना आपल्याला नवी नाही. लखनौच्या नवल किशोर छापखान्याने १८८३ पासून छापायला घेतलेल्या 'तिलिस्मे होशरुबा'त तिलिस्म तोडणाऱ्याला 'लौह' म्हणजे तख्ती लागते. तिच्यावर उमटेल तसे वागला तर किल्ले कोसळतात, चुकला तर कैद होतो. गावोगावच्या दर्ग्याबाहेर तावीज लिहून देणारे आजही बसतात. त्याच्या बरेवाईटपणाचा वाद इथे नको. पण आपल्या श्रद्धेतले जे खरे लेखक, खांद्यावरचे किरामन कातिबीन, ते काही घडवत नाहीत. माणसाने केले ते लिहितात. त्यांची लेखणी कृत्याच्या मागून चालते. नामकाराची लेखणी कृत्याच्या पुढे चालते, आणि म्हणून ती कोणाच्या हातात आहे हा प्रश्न उभा राहतो. कथेचा सगळा भार या प्रश्नावर आहे.

नायक रॉबर्ट स्ट्रॅटन लहानपणी एका मातीच्या बाहुलीशी खेळतो. तिला पुढे चालण्यापलीकडे काही येत नाही. तिच्यातले नाव काढून दुसऱ्या आकारात घालून पाहण्याचा छंद त्याला तेव्हापासूनचा. मोठेपणी तो बोटांनी बारीक काम करू शकणाऱ्या पुतळ्याचे नाव शोधतो. हेतू चांगला आहे. असे पुतळे स्वस्त यंत्रे घडवतील, ती यंत्रे विणकरांच्या घरी जातील आणि गिरणीत राबणारी कुटुंबे पुन्हा आपल्या घरी आपल्या मागावर विणतील. त्याला आडवा येतो तो मूर्तिकारांच्या संघटनेचा प्रमुख विलोबी. पुतळेच पुतळे घडवू लागले तर माझ्या माणसांनी काय करायचे, असा त्याचा सरळ सवाल आहे.

घाईने वाचणारा विलोबीला खलनायक ठरवून मोकळा होईल. आम्हाला तसे करता येत नाही. आपल्याच डोळ्यांदेखत उर्दू कातिबांचा व्यवसाय संपला. पिवळ्या कागदावर बोरूने नस्तालिक लिहिणारे, एका पानाला तासन्‌तास देणारे हे लोक. १९८१ साली मिर्झा अहमद जमील यांची नूरी नस्तालिक आली, १९९० च्या दशकात इनपेज आले, आणि वर्तमानपत्रांच्या कचेऱ्यांतून कातिबांच्या बैठका उठल्या. उर्दूचा त्यात फायदाच झाला, हे आम्ही नाकारत नाही. पण ज्याचा बोरू थांबला त्याला भाषेच्या फायद्याचे समाधान किती पुरणार? विलोबीचा राग चियांगने थट्टेवारी नेला नाही, ही त्याच्या लेखणीची सभ्यता आहे.

उलट स्ट्रॅटनच्या स्वप्नातले विणकर कथेत एकदाही तोंड उघडत नाहीत. ही उणीव आम्हाला फार खटकली. मालेगाव-भिवंडीचा वाचक लगेच विचारील की माग घरात आला म्हणजे विणकर सुटला, हे यांना कोणी सांगितले? १८५७ नंतर उत्तरेतून मालेगावात आलेल्या मोमीन कुटुंबांच्या घरी हातमाग होता, पुढे त्याच घरांत यंत्रमाग आला. घरातच बायकामुले कांड्या भरत बसली, आणि सूत व भाव दोन्ही व्यापाऱ्याच्या हातात राहिले. घर आणि कारखाना यांच्यामधली भिंत पडली की मजुरीचा दिवस रात्रीतही शिरतो. स्ट्रॅटनला हे ठाऊक नाही, आणि लेखकानेही त्याला ते ठाऊक होऊ दिलेले नाही.

मग कथा मोठे वळण घेते. लॉर्ड फील्डहर्स्ट स्ट्रॅटनला एक गुपित सांगतात. माणसाच्या बीजात पिढ्या आधीच ठरून आल्या आहेत आणि आता पाचच उरल्या आहेत. मानवजात टिकवायची तर स्त्रीबीजावर नाव उमटवून मूल जन्माला घालावे लागेल. स्ट्रॅटन कामाला लागतो. पुढे कळते की ते नाव सरकारच्या कुलुपात राहणार, आणि गरिबांना किती मुले द्यायची ते वरचे लोक ठरवणार. 'खालच्यां'ची संख्या फार वाढते, अशी फील्डहर्स्टची समजूत आहे.

हा भाग वाचताना आमच्या वाचकाला कथा परदेशी राहत नाही. मुसलमानांच्या संख्येचे हिशेब चौकाचौकांत मांडले जाताना आपण ऐकत आलो आहोत. १९७६ साली महाराष्ट्राच्या विधिमंडळाने सक्तीच्या नसबंदीचे विधेयक मंजूर केले होते. राष्ट्रपतींची संमती न मिळाल्याने त्याचा कायदा झाला नाही, एवढेच. फील्डहर्स्ट ओरडत नाही, शिव्या देत नाही. तो सुसंस्कृत आहे, विज्ञानाचा आश्रयदाता आहे, आणि देशाच्या भल्याचेच बोलतो. आमच्या मते कथेतले हे सर्वांत अचूक पात्र.

आणि यादीत नाव नसण्याचे काय होते हे ३१ ऑगस्ट २०१९ रोजी आसामात दिसले. नागरिक नोंदणीच्या अंतिम यादीतून १९ लाखांहून अधिक माणसे बाहेर राहिली, मुसलमान आणि हिंदूही. 'महंमद'चे 'मोहम्मद' झाले, बापाच्या कागदावर एक आणि लेकाच्या कागदावर दुसरे, तर आपल्याकडे कचेरीच्या फेऱ्या पडतात. तिथे नागरिकत्वच अडकते. लेखनाने वास्तव बदलते ही अद्भुतकथा आहे असे म्हणणाऱ्याने एकदा अशा रांगेत उभे राहावे.

चियांगचे उत्तर काय? बेंजामिन रॉथ नावाचा एक यहुदी साधक स्ट्रॅटनकडे येतो. त्याच्याजवळ असा शब्द आहे की त्यामुळे पुतळ्याला स्वतःचे नाव स्वतः लिहिता यावे. स्ट्रॅटनशी त्याचे जमत नाही, आणि पुढे तो मारेकऱ्याच्या हातून मारला जातो. त्याच्या शब्दावरून स्ट्रॅटनला सुचते की माणसाच्या बीजातच नाव लिहिण्याची शक्ती ठेवावी. मग जन्माला सरकारचा परवाना नको, नामकारही नको. मूल आपले नाव आपल्या रक्तात घेऊन येईल आणि पुढच्या पिढीला देईल. कल्पना म्हणून ही अप्रतिम आहे. नामकाराने आपला व्यवसायच अनावश्यक करणारे नाव शोधावे, याहून मोठे काम लेखणीकडून काय मागावे?

तरी आमचे पूर्ण समाधान होत नाही. हा निर्णय स्ट्रॅटन आणि त्याचे जुने गुरू अ‍ॅशबर्न मिळून गुपचूप घेतात. ज्यांच्या बीजात नाव जायचे त्यांना कोणी विचारत नाही. ज्या स्त्रियांच्या शरीरातून ही सारी मानवजात यायची, त्या कथेत जवळपास नाहीतच. मराठीत कोणी या कथेचा अनुवाद करील तर बरे होईल. त्याहून बरे म्हणजे कांडी भरणाऱ्या एखाद्या बाईच्या बाजूने ही कथा कोणी नव्याने लिहावी. तिला फील्डहर्स्टही ओळखता येईल आणि स्ट्रॅटनही.