मराठेशाहीतील लष्करी पोशाख : प्रमाणांची परीक्षा

परांड्याच्या किल्ल्यात आजही जुन्या तोफा पाहावयास सापडतात. याच किल्ल्यावरील मुलूख-ए-मैदान ही प्रचंड तोफ १६३२ साली मुरार जगदेवाने विजापुरास नेली व ती तेथे अद्याप आहे. नळदुर्गाचा तट, बुरूज आणि पाणीमहालही उभे आहेत. परंतु ज्या शिपायांनी या तोफा ओढल्या व डागल्या, त्यांच्या अंगावर कोणते वस्त्र होते, या प्रश्नास दगड आणि धातू काहीच उत्तर देत नाहीत. वस्त्र हे कसरीचे व वाळवीचे भक्ष्य. ते शतकभरही टिकणे कठीण. ही उणीव गेल्या शंभर वर्षांत चित्रकारांनी, नाटकमंडळ्यांनी व त्यांच्यामागून बोलपटांनी आपल्या कल्पनेने भरून काढली. त्यास हरकत नाही. कलेस तेवढी मोकळीक असावयाचीच. हरकत आहे ती या कल्पनेलाच पुढे प्रमाण मानून लिहिण्यास.

या विषयावर सामान्यतः दोन मते ऐकू येतात. पहिले असे की, मराठी फौजेस गणवेश नव्हता, सबब तिच्यात शिस्तही नव्हती. दुसरे असे की, मावळ्यांचा म्हणून एक ठरीव गणवेश होता आणि तो चित्रांत दिसतो तसाच होता. पहिले मत पाश्चात्त्य लेखकांच्या वाचनातून आले, दुसरे स्वाभिमानातून. दोहोंतही ‘गणवेश’ म्हणजे काय हे आधी ठरविलेले नाही. लक्षण न सांगता लक्ष्याविषयी वाद घालणे हा शास्त्रदृष्ट्या दोष होय. म्हणून प्रथम लक्षण पाहू.

‘गणवेश’ हा शब्द दिसावयास संस्कृत असला तरी मराठीत तो अर्वाचीन आहे. अमरकोशाच्या क्षत्रियवर्गात तनुत्र, वर्म, दंशन, उरश्छद, कंकटक, कवच असे पर्याय एकापुढे एक दिले आहेत. कंचुक आणि वारबाण हेही तेथे आहेत. ही सर्व नावे अंगरक्षणाच्या साधनांची आहेत. अनेकांनी आज्ञेवरून सारखा वेष करावा, या अर्थाचा शब्द तेथे नाही. कौटिल्याने आयुधागाराध्यक्षाच्या प्रकरणात लोहजाल, लोहपट्ट, सूत्रकंकट, शिरस्त्राण, कंठत्राण, कूर्पास इत्यादींची यादी दिली आहे. तीही संरक्षक साधनांचीच. बाणभट्टाने हर्षचरितात हर्षाच्या प्रयाणसमयीच्या राजांचे कंचुक, वारबाण, चीनचोलक व कूर्पासक वर्णिले आहेत. परंतु तेथे सौंदर्य आहे ते वैविध्याचे. या वर्णनावरून प्राचीन गणवेश सिद्ध करू पाहणारांनी हे ध्यानात घ्यावे की, बाणाचे वर्णन त्यांच्या पक्षाच्या विरुद्धच साक्ष देते.

मात्र भीष्मपर्वाच्या आरंभी एक लक्षात घेण्याजोगी गोष्ट आहे. युद्धास उभे राहण्यापूर्वी युधिष्ठिराने आपल्या सैन्यास संज्ञा व अभिज्ञाने ठरवून दिली असे तेथे सांगितले आहे. आपला कोण व परका कोण हे गर्दीत ओळखता यावे, हा त्यातील हेतू. म्हणजे वेष एक असो वा नसो, ओळखीची गरज आपल्या पूर्वजांस पूर्ण ठाऊक होती. ती ध्वज, वाद्य व संकेत यांनी भागविली जाई.

यावरून गणवेशाची तीन लक्षणे आम्ही सुचवितो. पहिले आज्ञा : वेष कोणता असावा हे धन्याने ठरविलेले असावे. दुसरे हिशेब : त्याचा खर्च सरकारने सोसावा किंवा पगारातून कापून घ्यावा, पण त्याची नोंद सरकारी कागदात असावी. तिसरे अभिज्ञान : त्या वेषावरून हा अमुक तुकडीचा अगर अमुक धन्याचा, हे कळावे. ही तिन्ही एकत्र असतील तेथे गणवेश म्हणावा. केवळ सारखेपणा दिसला म्हणून गणवेश म्हणणे ही अतिव्याप्ती. इंग्रजी डगला नाही म्हणून गणवेश नाही म्हणणे ही अव्याप्ती.

आता ही कसोटी मराठी साधनांस लावू. कृष्णाजी अनंत सभासदाने आपली बखर १६९४ साली, म्हणजे शिवछत्रपतींच्या निधनानंतर १४ वर्षांनी, जिंजी येथे लिहिली. बखरवाङ्मयात तिची योग्यता सर्वांत मोठी, कारण लेखक समकालीन व दरबारातला. महाराजांनी आपल्या खास रक्षणासाठी निवडक लोक ठेवले व त्यांस सरंजाम दिला, असे तो सांगतो. डोक्यास मंदील, अंगास सकलात, कित्येकांस सोन्याची व कित्येकांस रुप्याची कडी, कानांस कुडक्या, हत्यारांस रुप्याचे काम, आणि हे सर्व सरकारातून. येथे आज्ञा आहे, खर्च सरकारी आहे आणि अभिज्ञानही आहे. तिन्ही लक्षणे जुळतात. तेव्हा मराठ्यांस गणवेश ठाऊकच नव्हता हे मत सतराव्या शतकापुरतेच पाहिले तरी टिकत नाही.

परंतु हाच उतारा घेऊन सर्व मराठी फौज सकलातीत उभी करणारे दुसऱ्या टोकास जातात. सभासद ही व्यवस्था निवडक लोकांपुरती सांगतो. सकलात हे परदेशी लोकरी कापड, महाग वस्तू. ते हजारो मावळ्यांच्या अंगावर घालणे हिशेबात बसणारे नाही. तसेच १६७७ साली भागानगरास जाताना महाराजांनी लष्कर जरीच्या सामानाने सजविले, असेही तोच लेखक सांगतो. तो प्रसंग कुतुबशाहीच्या राजधानीत प्रवेश करण्याचा होता. प्रसंगाची सजावट ही गणवेश नव्हे. लग्नातील वऱ्हाड सारखे पागोटे बांधून निघाले म्हणून ती पलटण होत नाही.

फौजेच्या रचनेतच या भेदाचे कारण आहे. बारगीर आणि शिलेदार असे स्वारांचे दोन वर्ग. बारगिराचा घोडा सरकारी पागेतला. २५ बारगिरांवर एक हवालदार व पाच हवालदारांवर एक जुमलेदार अशी त्यांची मांडणी. शिलेदार आपला घोडा व आपले हत्यार घेऊन चाकरीस येई. ज्याने घोडा आपला आणावयाचा, त्याचा अंगरखा कोणत्या रंगाचा असावा हे सरकारने का सांगावे? पेशवाईत शिलेदारीचे प्रमाण वाढत गेले, तसा वेषातील वेगळेपणाही वाढला. हा बेशिस्तीचा पुरावा नसून चाकरीच्या कराराचा परिणाम आहे. टोन याने पेशव्यांच्या चाकरीतून १७९६ साली लिहिले. मूर याने १७९० ते १७९२ च्या म्हैसूरच्या मोहिमेत परशुरामभाऊंची फौज पाहिली. दोघांचेही लेखन मोलाचे आहे. पण त्यांचे डोळे तांबड्या डगल्याच्या रांगांस सरावलेले होते, हे विसरून त्यांची साक्ष घेऊ नये.

चित्रांविषयीही हेच. जेम्स वेल्स याने पुण्यास सवाई माधवराव व नाना फडणवीस यांची चित्रे काढली. तो १७९५ साली वारला. त्याच्या रेखाटनांवरून थॉमस डॅनियलने १८०५ साली पुरे केलेले दरबाराचे चित्र प्रसिद्धच आहे. त्यात पांढऱ्या अंगरख्यांची रांग दिसते. तो सारखेपणा रीतीचा आहे, आज्ञेचा नव्हे. एका काळच्या, एका दर्जाच्या व एका दरबारातल्या माणसांचे कपडे सारखे असावयाचेच.

कवायती पायदळ आले तेव्हा प्रश्नाचे स्वरूप पालटले. ‘गारदी’ हा शब्दच फ्रेंचांकडून आला. इब्राहिमखान गारदी बुसीच्या पद्धतीत तयार झाला, निजामाच्या चाकरीत होता आणि तेथून पेशव्यांकडे आला. ३ फेब्रुवारी १७६० रोजी उदगीरच्या मोहिमेची शेवटची लढाई औश्याजवळ झाली, तीत तो सदाशिवरावभाऊंच्या बाजूस होता. औसा आज लातूर जिल्ह्यात आहे. तो जिल्हा १९८२ पर्यंत उस्मानाबादेतच मोडत असे. काल ज्याचा पगार खाल्ला त्याच्यावर आज गोळी झाडावयाची, ही गारद्याची चाकरी. अशा शिपायाच्या वेषाने त्याची जात, देश वा राज्य कळत नाही. कळलाच तर पगार देणारा कळतो.

याचे सर्वांत बोलके उदाहरण खर्ड्याचे. खर्डे गाव आज अहिल्यानगर जिल्ह्यात असले, तरी ११ मार्च १७९५ रोजी निजामाची फौज खर्ड्याहून परांड्याच्या वाटेने निघाली असता हे युद्ध जुंपले, म्हणून त्याचा संबंध आमच्या जिल्ह्याशी आहेच. निजामाकडे रेमंडच्या पलटणी होत्या, शिंद्यांकडे पेराँच्या. दोन्ही बाजूंस फ्रेंच सरदार आणि दोन्ही बाजूंस युरोपीय कवायत. निजामाच्या जनान्याबरोबर बायकांच्या पलटणी होत्या व त्यांचाही पोशाख इंग्रजी शिपायाच्या वळणाचा होता, असे इंग्रज लेखकांनी नोंदले आहे. रेमंडच्या लोकांच्या गुंड्यांवर फ्रेंच राज्यक्रांतीच्या स्वातंत्र्याच्या टोपीचे चिन्ह होते, आणि हीच गोष्ट इंग्रजांस खुपली. रेमंड मार्च १७९८ मध्ये वारला आणि त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात त्याच्या पलटणी हैदराबादेस निःशस्त्र करण्यात आल्या. एवढीशी गुंडी, पण तिचे अभिज्ञान कलकत्त्यापर्यंत पोहोचले!

आता ज्या प्रकरणात आमच्या जिल्ह्याने स्वतः पैसा मोजला, ते पाहू. २१ मे १८५३ च्या तहाने निजामाने हैदराबाद कंटिंजंटच्या खर्चासाठी वऱ्हाड, रायचूर दुआब आणि धाराशिव हे प्रांत इंग्रजांच्या ताब्यात दिले. या प्रांतांचा वसूल सुमारे ५० लाख रुपये धरला होता. त्यातून निदान ५,००० पायदळ, २,००० स्वार व चार तोफखाने ठेवावयाचे ठरले. धाराशिव प्रांताचा कारभार मेडोज टेलर याजकडे आला व तो नळदुर्गास राहू लागला. हा गृहस्थ तरुणपणी, १८२४ साली, निजामाच्या याच लष्करात अधिकारी म्हणून शिरला होता. ज्या फौजेचा डगला त्याने एके काळी अंगावर घातला, तिच्याच खर्चासाठी आता तो कुणब्याकडून सारा वसूल करीत होता. १८६० च्या तहाने धाराशिव व रायचूर दुआब निजामास परत मिळाले.

या कंटिंजंटच्या स्वारांचा पोशाख हिरवा असे. विशेष हे की, त्यांची भरती शिलेदारी पद्धतीची होती. ‘शिलेदार’ हा आपला शब्दच इंग्रजी लष्करी कागदांत जाऊन बसला. स्वार आपला घोडा आपल्या खर्चाने आणी, जसा पेशवाईतला शिलेदार आणीत असे. फरक एवढाच की, नव्या शिलेदाराने डगला कोणता घालावा हे रिसाल्याने ठरविलेले होते व त्याचा पैसा रिसाल्याच्या हिशेबात चढत होता. घोडा तसाच, करार बहुतांशी तसाच, केवळ आज्ञा व हिशेब नवे. ही पद्धत पहिल्या महायुद्धानंतर बंद झाली. मराठ्यांचा शिलेदार आणि इंग्रजांचा शिलेदार यांत जे अंतर, तेच वेष आणि गणवेश यांत आहे. त्याचा शौर्याशी संबंध नाही.

येणेप्रमाणे पाहता या विषयाचा निकाल चित्रांनी किंवा तलवारींनी लागावयाचा नाही. तो कापडाच्या हिशेबाने लागेल. येथेच संग्राहकांशी दोन शब्द बोलणे प्राप्त आहे. दप्तराचा रुमाल सुटला की शिक्क्यामोर्तबाची सनद प्रथम उचलली जाते, मग एखाद्या थोर पुरुषाचे पत्र. आणि रोजकीर्द, झाडे, यादी व ताळेबंद हे रद्दी समजून बाजूस पडतात. सकलातीची किती थाने आली, बनात किती गज, शिंप्यास मजुरी काय दिली, कोणत्या पथकाच्या नावे खर्च पडला, हे त्याच कागदांत सापडावयाचे. गो. स. सरदेसाई यांच्या देखरेखीखाली १९३० नंतर पेशवे दप्तरातील निवडक कागदांचे ४५ भाग निघाले. ते कार्य अपूर्व आहे. पण निवड ही निवडच असते, आणि शिंप्याचा हिशेब निवडीत क्वचितच बसतो.

असे कागद वाचणारांनी एक सावधगिरी मात्र ठेवावी. मोडी पत्रात ‘पोशाख दिला’ असे आले की कित्येक जण तो गणवेश समजतात. पुष्कळ ठिकाणी तेथे मानाचा पोशाख, म्हणजे खिलत किंवा शिरपाव अभिप्रेत असतो. ‘वस्त्रे दिली’ याचा अर्थ तर अधिकार दिला असा आहे. मानाचा पोशाख एका माणसास त्याची योग्यता इतरांहून वेगळी दिसावी म्हणून मिळतो. गणवेश अनेकांस ते वेगळे दिसू नयेत म्हणून मिळतो. शब्द एक, पण हेतू परस्परविरुद्ध. म्हणून पोशाख कोणास, किती जणांस, कोणत्या निमित्ताने व कोणत्या खात्यातून दिला, या चार गोष्टी पाहिल्यावाचून अर्थ करू नये.

धाराशिव, तुळजापूर, परांडे, उमरगे या भागांतील जुन्या वाड्यांच्या माळ्यांवर रुमाल असतील, तर त्यांच्या मालकांस आमची विनंती इतकीच की, सनदा निवडून घेऊन बाकीचे कागद वाण्यास घालू नयेत. प्रत्येक रुमाल जसा बांधला आहे तसाच ठेवावा, कारण कागदांचा क्रम हाही पुरावाच आहे. कापडाचा हिशेब आढळल्यास त्याची नक्कल, मिती, महाल आणि खाते यांसह करून ठेवावी. अशा पाचपन्नास नकला एकत्र झाल्या म्हणजे मराठी शिपायाच्या अंगावर काय होते, हे चित्रकारास विचारावे लागणार नाही. उलट चित्रकारच ते आपणांस विचारावयास येतील.