'पॅपिलॉन' : माध्यमांतर आणि मैत्रीचे आशयसूत्र

हेन्री शॅरियर यांचे १९६९ साली प्रसिद्ध झालेले 'पॅपिलॉन' हे आत्मकथन रवींद्र गुर्जर यांच्या अनुवादामुळे मराठी वाचकांच्या परिचयाचे आहे. फ्रँकलिन शाफ्नर यांनी त्यावर १९७३ मध्ये दिग्दर्शित केलेला चित्रपट सामान्यतः तुरुंगातून पलायनाची साहसकथा म्हणून पाहिला जातो. मूळ कथनात पटकथेने कोणते बदल केले, हे तपासले असता मात्र चित्रपटाचे केंद्र मैत्रीत असल्याचे दिसून येते.

फ्रेंच गियानाकडे जाणाऱ्या जहाजावर पॅपिलॉन (स्टीव्ह मॅक्वीन) आणि बनावट रोखे करणारा लुई देगा (डस्टिन हॉफमन) यांचा संबंध जुळतो तो निव्वळ व्यवहार म्हणून. देगाजवळ पैसा आहे, पॅपिलॉनच्या मनगटात जोर. या व्यवहाराचे नाते होते ते एकांतकोठडीत. देगा चोरून खोबरे पाठवतो. ते उघडकीस येते, तेव्हा पाठवणाऱ्याचे नाव वदवून घेण्यासाठी पॅपिलॉनचे अन्न निम्मे केले जाते, कोठडीत काळोख केला जातो. तो किडे खाऊन जगतो, पण नाव सांगत नाही. सहपटकथाकार डाल्टन ट्रम्बो हे १९४७ मध्ये अमेरिकी काँग्रेसच्या समितीपुढे उत्तरे देण्याचे नाकारल्याबद्दल १९५० मध्ये स्वतः तुरुंगात गेले होते, हे या प्रसंगी आठवल्यावाचून राहत नाही. (आणि आरंभी कैद्यांना फ्रान्सने तुम्हांस टाकून दिले आहे, असे बजावणारा अधिकारीही त्यांनीच रंगविला आहे!)

सर्वांत अर्थपूर्ण बदल शेवटी येतो. आत्मकथनात डेव्हिल्स आयलंडवरून नारळांच्या पोत्यांवर पॅपिलॉनसोबत सिल्व्हेन निघतो आणि किनाऱ्याजवळच्या चिखलात रुतून मरतो. चित्रपटात त्याच्या जागी देगा आहे. पण तो कड्यापर्यंत येऊन थांबतो. भाजीचे वाफे आणि डुकरे राखत तो बेटावरच जगायला शिकला आहे. पॅपिलॉन त्याला भ्याड ठरवत नाही, आग्रहही धरत नाही. दोघे मिठी मारतात, एक उडी घेतो, दुसरा पाहत राहतो. सोबत नाकारणाऱ्या मित्राला इतक्या आदराने निरोप देणारा प्रसंग या प्रकारच्या चित्रपटांत विरळा.

शॅरियर यांच्या कथनाच्या सत्यतेविषयी पुढे बऱ्याच शंका घेतल्या गेल्या. परंतु हा प्रसंग मुळातच पटकथेचा असल्याने त्या त्याला लागू होत नाहीत. खटकते ते त्यानंतरचे निवेदन. पॅपिलॉन पुढे स्वतंत्र माणूस म्हणून जगला, हे निवेदक सांगतो, तेव्हा प्रेक्षकाचे मन अद्याप कड्यावरच्या देगापाशी असते.