तळघरातला साक्षीदार

13 फेब्रुवारी 1945च्या रात्री बॉम्बहल्ल्यात ड्रेस्डेन जळत होतं, तेव्हा कर्ट व्हॉनेगट ते पाहत नव्हता. बावीस वर्षांचा हा अमेरिकन युद्धकैदी शहरातल्या एका कत्तलखान्याखाली, सोललेली जनावरं टांगून ठेवायच्या गार कोठारात बसून होता. सोबत इतर कैदी आणि थोडे जर्मन पहारेकरी. वरून येत होते ते हादरे. दुसऱ्या दिवशी ही मंडळी जिना चढून वर आली तेव्हा वर शहर उरलं नव्हतं. मग कैद्यांच्या हाती फावडी आली आणि ढिगाऱ्यांखालच्या तळघरांमधून प्रेतं काढायचं काम सुरू झालं.

म्हणजे ड्रेस्डेनचा साक्षीदार म्हणून जग ज्याचं नाव घेतं, त्याने आधीचं शहर पाहिलं आणि नंतरची राख पाहिली. मधली आग पाहिलीच नाही. त्याची ‘स्लॉटरहाउस-फाइव्ह’ ही कादंबरी दुसऱ्यांदा वाचताना हे माझ्या लक्षात आलं, आणि मग युद्धावर लिहिणाऱ्या ज्या-ज्या कादंबरीकारांना आपण ‘स्वतः भोगलेले’ म्हणून मान देतो, त्यांच्याकडे मी जरा संशयाने पाहू लागलो. संशय त्यांच्या प्रामाणिकपणाचा नव्हता. ‘ज्याचं जळतं त्यालाच कळतं’ या आपल्या ठाम समजुतीचा होता.

आपल्याकडे व्यासांना ही अडचण आधीच कळली होती, असं म्हणायला हरकत नाही. कुरुक्षेत्राची हकिगत त्यांनी अर्जुनाच्या तोंडी दिली नाही आणि भीमाच्याही नाही. ती दिली संजयाच्या तोंडी, आणि त्याला त्यासाठी दिव्यदृष्टी द्यावी लागली. साध्या डोळ्यांना एवढं रण मावत नाही. फ्रेंच कादंबरीकार स्तांदाल नेपोलियनच्या फौजेबरोबर मॉस्कोपर्यंत जाऊन आलेला. त्याच्या 1839च्या कादंबरीतला फाब्रिस वॉटर्लूच्या रणात धूर, चिखल आणि उधळलेले घोडे यांमधून दिवसभर फिरतो आणि शेवटी आपण खरोखर लढाईत होतो की नाही, हेच त्याला कळत नाही. सेव्हास्तोपोलच्या वेढ्यात तोफखान्यावर असलेला टॉलस्टॉय, युद्ध कसं लिहायचं ते आपण स्तांदालकडून शिकलो असं मानायचा. स्वतः युद्धात असलेल्या माणसाला ते लिहिण्यासाठी दुसऱ्याचं पुस्तक लागलं.

हेमिंग्वेचं उदाहरण आणखी बोलकं आहे. 8 जुलै 1918 रोजी इटलीत पियावे नदीकाठी, खंदकातल्या सैनिकांना चॉकलेट आणि सिगारेटी वाटताना तो तोफगोळ्याने जखमी झाला. तेव्हा त्याला एकोणीसही पूर्ण नव्हती. आघाडीवर येऊन जेमतेम महिना झाला होता. ‘अ फेअरवेल टु आर्म्स’मधली सगळ्यांत गाजलेली पानं मात्र कापोरेत्तोच्या माघारीची. पाऊस, चिखलात रुतलेल्या गाड्या, पुलावर आपल्याच अधिकाऱ्यांना बाजूला काढून गोळ्या घालणारे शिपाई. ही माघार घडली 1917च्या शरद ऋतूत, म्हणजे हेमिंग्वे इटलीत पोचण्याच्या कित्येक महिने आधी. नकाशे आणि इतिहास वाचून, लोकांकडून ऐकून त्याने ती रचली. आणि स्टीफन क्रेन तर अमेरिकन यादवी संपल्यावर सहा वर्षांनी जन्मला आणि चोविशी गाठण्याआधीच त्याच यादवीवर ‘द रेड बॅज ऑफ करेज’ लिहून मोकळा झाला.

मग प्रत्यक्ष अनुभवाचा उपयोग काय? माझ्या मते अनुभव कादंबरीकाराला गोष्ट पुरवत नाही. तो सरळ गोष्ट सांगण्यावरचा त्याचा विश्वास मोडतो. व्हॉनेगटचंच पाहू.

29 मे 1945 रोजी, सुटका झाल्यावर, त्याने घरच्यांना एक पत्र लिहिलं. त्यात एकामागून एक संहार नोंदवलेले आहेत: गाडीत कोंडलेल्या कैद्यांवर पडलेले बॉम्ब, उपासमार, ड्रेस्डेन. आणि प्रत्येक ठिकाणी, इतके मेले, आपण मात्र वाचलो, हा कोरडा शेरा. चोवीस वर्षांनी आलेल्या कादंबरीत प्रत्येक मृत्यूनंतर असंच एक छोटं पालुपद येतं, कधी माणसाच्या मरणानंतर तर कधी शॅम्पेनमधले बुडबुडे विरल्यावरही. म्हणजे सूर बाविसाव्या वर्षीच हाती होता! तरी पुस्तक यायला 1969 उजाडलं. मधल्या काळात त्याने जनरल इलेक्ट्रिकच्या प्रसिद्धी खात्यात नोकरी केली, मोटारींचं दुकान चालवून पाहिलं, विज्ञानकथा लिहिल्या. ड्रेस्डेनची कादंबरी काही जमेना.

ती का जमत नव्हती, हे त्याने पहिल्याच प्रकरणात सांगून टाकलं आहे. जुन्या युद्धसोबत्याच्या घरी तो आठवणी काढायला जातो. सोबत्याची बायको स्वयंपाकघरात बर्फाचा ट्रे मोरीत आपटते, दारं आपटते, आणि शेवटी तिच्या मनातलं बाहेर पडतं: तुम्ही तेव्हा पोरं होतात, पण पुस्तकात स्वतःला मर्द दाखवाल, मग त्यावर सिनेमा निघेल आणि आमची पोरं पुढच्या युद्धाला जातील. व्हॉनेगट तिला शब्द देतो, तसं करणार नाही म्हणून. पुस्तक अर्पण केलंय ते तिलाही, आणि त्याच्या उपशीर्षकात पोरांची धर्मयुद्ध-मोहीम आहे. युद्धकथेची सगळ्यांत नेमकी समीक्षा मला तरी या मोरीवरच्या आदळआपटीत सापडते. नायक नको, चढत जाणारा प्रसंग नको, मग उरतं काय? उरतो काळाच्या बाहेर घरंगळलेला बिली पिलग्रिम. तो युद्धाचा सिनेमा उलटा पाहतो. विमानं जळत्या शहरातून आगी शोषून घेतात, बॉम्ब पुन्हा पोटात बंद होतात, कारखान्यांतल्या बाया ते सुटे करतात आणि त्यांतली खनिजं परत जमिनीत पुरली जातात. लेखकाने जे पाहिलंच नव्हतं ते त्याने असं उलट्या दिशेने पाहिलं.

याच पुस्तकात एक चूक आहे आणि ती इथे सांगायला हवी. ड्रेस्डेनच्या मृतांचा आकडा व्हॉनेगटने 1,35,000 दिला. तो त्याने डेव्हिड अर्व्हिंगच्या पुस्तकातून उचलला. हाच अर्व्हिंग पुढे ज्यूंच्या संहारावरच शंका घेणारा म्हणून बदनाम झाला. ड्रेस्डेन शहराने नेमलेल्या इतिहासकारांच्या आयोगाने 2010मध्ये मृतांची संख्या जास्तीत जास्त 25,000 ठरवली. स्वतःच्या हाताने प्रेतं उपसलेल्या माणसाला किती मेले ते ठाऊक नव्हतं, आणि ते ठाऊक असण्याचं कारणही नव्हतं. फावडं चालवणारा मोजत नसतो. पण साक्षीदाराच्या तोंडून आला म्हणून तो आकडा वर्षानुवर्षं खरा मानला गेला. अनुभवाला आपण जो आदर देतो, त्याची ही किंमत.

व्हॉनेगट कैदी होता. वासिली ग्रोसमन सैनिक म्हणून कधी लढलाच नाही. अधू डोळ्यांचा, स्थूल, सैन्यात नापास झालेला हा लेखक सोव्हिएत सैन्याच्या ‘क्रास्नाया झ्वेज्दा’ या वृत्तपत्राचा बातमीदार म्हणून गेला आणि स्टालिनग्राडपासून बर्लिनपर्यंत जवळजवळ सबंध युद्ध आघाडीवर राहिला. सैनिकांशी बोलताना तो वही काढत नसे. ऐकून घ्यायचा आणि रात्री लिहायचा. ट्रेब्लिंका छावणीच्या जागी पोचलेल्या पहिल्या बातमीदारांपैकी तो एक. छावणीवरचा त्याचा लेख न्यूरेंबर्ग खटल्यात वापरला गेला. युद्ध इतकं जवळून पाहिलेला दुसरा कादंबरीकार शोधावा लागेल.

आणि तरी ‘लाइफ अँड फेट’मधलं सर्वांत जड प्रकरण त्याने न पाहिलेल्या गोष्टीचं आहे. ग्रोसमनची आई बेर्दिचेव्हला राहत होती. जर्मन फौजा येण्याआधी तिला मॉस्कोला आणायचं राहून गेलं. सप्टेंबर 1941मध्ये गावातल्या हजारो ज्यूंबरोबर तिलाही मारलं गेलं. 1944मध्ये गाव सुटल्यावर तो तिथे गेला. आईचं पत्र आलं नव्हतं, येणार नव्हतं. कादंबरीत त्याने ते स्वतः लिहिलं. गेट्टोत अडकलेली एक आई, पेशाने डॉक्टर, आपल्या मुलाला शेवटचं पत्र लिहिते. सबंध प्रकरण म्हणजे ते पत्र. त्यात मोठे शब्द नाहीत. शेजाऱ्यांनी सामान कसं वाटून घेतलं, गेट्टोत जाताना काय बरोबर घेतलं, कोण भेटायला आलं, असा घरगुती तपशील आहे. त्याच्या वह्या स्टालिनग्राडच्या नोंदींनी भरलेल्या होत्या, पण या पत्रासाठी त्याच्याकडे एकही नोंद नव्हती. प्रत्यक्षात त्याने आईला उलट पत्रं लिहिली, तिच्या मृत्यूनंतर, 1950मध्ये आणि 1961मध्ये.

त्याच 1961च्या फेब्रुवारीत केजीबीने येऊन कादंबरीची हस्तलिखितं नेली. टंकयंत्राच्या फिती आणि कार्बन कागदसुद्धा नेले. 1964मध्ये ग्रोसमन गेला. पुस्तक 1980मध्ये स्वित्झर्लंडमध्ये आलं, मायदेशी 1988मध्ये.

अनुभव माणसाला शहाणं करतो, हा आणखी एक गोड समज. एरिख मारिआ रेमार्क 1917च्या उन्हाळ्यात जेमतेम सात आठवडे आघाडीवर होता. जखमी झाल्यावर पुढचं वर्षभर त्याने ड्यूसबर्गच्या इस्पितळात काढलं. ‘ऑल क्वाएट ऑन द वेस्टर्न फ्रंट’ दहा वर्षांनी लिहिली गेली आणि 1928च्या नोव्हेंबरात वृत्तपत्रातून क्रमशः येऊ लागली. त्याच जर्मन सैन्यातला एर्न्स्ट युंगर चौदा वेळा जखमी झाला, सर्वोच्च पदक घेऊन परतला, आणि त्याच्या ‘स्टॉर्म ऑफ स्टील’मध्ये युद्ध हा माणसाला उजळवून काढणारा सोहळा झाला. चिखल एकच, तोफा त्याच. नैतिकतेचं दान खंदकात मिळत नाही. युंगर पुढे आवृत्तीमागून आवृत्ती आपलं पुस्तक बदलत राहिला, आपल्याच जखमांचं संपादन करत. रेमार्कची पुस्तकं 1933मध्ये जाळली गेली, नागरिकत्व गेलं, आणि 1943मध्ये त्याच्या बहिणीचा नाझींनी शिरच्छेद केला. भावाचा राग बहिणीवर निघाला, असं तिच्यावरच्या खटल्याबद्दल सांगितलं जातं. कादंबरीकाराचं आयुष्य युद्ध घडवतं हे खरं, पण त्याचं पुस्तक इतरांच्या आयुष्याचं काय करील, ते त्याच्या हातात नसतं.

व्हिएतनामच्या बाओ निन्हचं नाव या रांगेत आपण फार कमी घेतो. अमेरिकनांनी त्या युद्धावर ढीगभर लिहिलं, त्यामुळे दुसऱ्या बाजूलाही कुणी लिहीत असेल हे आपल्या ध्यानात येत नाही. पाचशे तरुणांच्या तुकडीतून वाचलेल्या दहांपैकी तो एक. ‘द सॉरो ऑफ वॉर’चा नायक युद्ध संपल्यावर जंगलात हरवलेल्या मृतांची हाडं गोळा करणाऱ्या गाडीवर काम करतो. पुढे तो लिहू लागतो, पण पानं क्रमाने लागत नाहीत, आणि शेवटी तो ढीग एका मुक्या बाईकडे राहतो. मायदेशी हे पुस्तक आधी ‘प्रेमाचं प्राक्तन’ अशा अर्थाच्या नावाने छापलं गेलं. विजयी राष्ट्राला विजयाची कादंबरी हवी असते, आणि याने त्याच्या हाती हाडांचा हिशेब ठेवला.

आता आपलं. प्रत्यक्ष पाहिलेल्या युद्धावर मराठीत लिहिलं गेलेलं सर्वोत्तम पुस्तक माझ्या लेखी कादंबरी नाही आणि ते सैनिकाचंही नाही. विष्णुभट गोडसे यज्ञाच्या दक्षिणेच्या आशेने वरसईहून उत्तरेत गेले आणि 1857च्या धामधुमीत सापडले, झाशीच्या वेढ्यात अडकले. ‘माझा प्रवास’ त्यांनी लिहिलं ते सुमारे पंचवीस वर्षांनी, चिंतामणराव वैद्यांच्या आग्रहावरून. छापलं गेलं 1907मध्ये. भटजींची नजर पाहा: दक्षिणा किती मिळाली, सोवळं कुठे मोडलं, कुठल्या घरात लपलो. काल्पीच्या वाटेवर विहिरीपाशी तहानलेली राणी भेटते आणि ब्राह्मणाला पाणी काढू न देता स्वतः पोहरा ओढते. त्यांना रण दिसलं नाही. त्यांना विहीर दिसली.

विश्राम बेडेकरांच्या ‘रणांगण’चं (1939) तसंच. नाव रणांगण, पण त्यात तोफ नाही, खंदक नाही. एक बोट आहे, घर सुटलेले ज्यू आहेत, चक्रधर आणि हॅर्टा आहेत. युद्ध अजून सुरूही झालेलं नाही. मराठीतली ही एकच युद्धकादंबरी मी कुठल्याही भाषेतल्या कादंबरीशेजारी न लाजता ठेवीन.

आणि सैनिक? दुसऱ्या महायुद्धात हिंदुस्थानी फौजेत 25 लाख माणसं होती. नगर जिल्ह्यातल्या नामदेव जाधवांना इटलीत सेनिओ नदीकाठी एप्रिल 1945मध्ये गाजवलेल्या शौर्याबद्दल व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. हेमिंग्वेच्या इटलीत, सत्तावीस वर्षांनी. हेमिंग्वेने त्यातून कादंबरी काढली. जाधवांचा पराक्रम इंग्रजी प्रशस्तिपत्रात बंद झाला. लढायला गेला तो कुणबी, लिहायला बसला तो कारकून, आणि दोघांची गाठ पडली ती मनीऑर्डरच्या फॉर्मवर. पहिल्या महायुद्धात फ्रान्सहून गेलेली आपल्या शिपायांची पत्रं सेन्सॉरने वाचली. त्यांतली कित्येक आज उरली आहेत ती त्याने करून घेतलेल्या इंग्रजी भाषांतरातच. पेन्शनीत निघालेला आपल्याकडचा फौजी कँटीनच्या रमबद्दल, पोस्टिंगबद्दल, साहेबाच्या कुत्र्याबद्दल तासभर बोलतो. लढाईपाशी आला की तंबाखू मळायला घेतो. त्या तंबाखूच्या चिमटीत कादंबरी आहे, पण ती काढून घ्यायला कुणी बसलं नाही.

आपण बसलो ते इतिहासाच्या टेकडीवर, झेंडे आणि जरीपटके बघत. विश्वास पाटलांच्या ‘पानिपत’मध्येही (1988) मनात राहते ती छावणीतली उपासमार. लढाईपेक्षा ती कितीतरी खरी उतरली आहे.

आज युक्रेनमध्ये कादंबरीकारांनी कादंबरी बाजूला ठेवलेली दिसते. सेर्हिय झादान स्वतः सैन्यात गेला. व्हिक्टोरिया आमेलिना 2022पासून युद्धगुन्ह्यांच्या नोंदी करू लागली. खार्किव्ह प्रांतात कापितोलिव्का नावाचं गाव आहे. तिथला बालसाहित्यिक वोलोदिमिर वाकुलेन्को याला रशियन सैनिकांनी धरून नेऊन मारलं होतं. नेण्याआधी त्याने आपली रोजनिशी बागेतल्या चेरीच्या झाडाखाली पुरली आणि वडिलांना जागा सांगून ठेवली. सप्टेंबर 2022मध्ये गाव मोकळं झाल्यावर आमेलिना तिथे गेली. म्हाताऱ्या वडिलांना खणून सापडेना, तेव्हा फावडं तिने घेतलं. रोजनिशी सापडली आणि खार्किव्हच्या साहित्य संग्रहालयात गेली. 27 जून 2023 रोजी क्रामातोर्स्कमधल्या एका उपाहारगृहावर क्षेपणास्त्र पडलं. आमेलिना तिथे जेवत होती. चार दिवसांनी, 1 जुलैला ती गेली. तिचं वय तेव्हा सदतीस. तिचं अपुरं पुस्तक 2025मध्ये निघालं. त्यात काही प्रकरणांच्या जागी नुसती टिपणं आहेत. संपादकांनी ती तशीच ठेवली आहेत.