दुय्यमत्वाचा प्रश्न : चिंतामणराव कोल्हटकर आणि ‘बहुरूपी’

मराठी संगीत रंगभूमीचा इतिहास बहुधा गायक-नटांचा इतिहास म्हणून लिहिला गेला आहे. या मांडणीत गद्य भूमिका करणारा नट आपोआपच ‘साहाय्यक’ ठरतो. मात्र साहाय्यक म्हणजे गौण, हे समीकरण कितपत ग्राह्य आहे? साताऱ्यात जन्मलेल्या चिंतामणराव कोल्हटकरांची (१८९१–१९५९) कारकीर्द या प्रश्नाच्या मुळाशी नेते.

१९१८ साली दीनानाथ मंगेशकर, कृष्णराव कोल्हापुरे आणि कोल्हटकर यांनी बलवंत संगीत मंडळी स्थापन केली. मंडळीचे आकर्षण दीनानाथांचा गळा हेच होते. तथापि गडकऱ्यांच्या ‘भावबंधन’मध्ये दीनानाथांच्या लतिकेसमोर कोल्हटकरांचा घनश्याम उभा राहतो, तेव्हा नाट्याचे बळ निराळ्या ठिकाणाहून येते. लतिकेने केलेल्या अपमानातून घनश्यामचा सूड जन्मतो आणि कथानक त्या सुडाच्या चालीने पुढे सरकते. पद भावावस्थेपाशी थांबते. घटना पुढे नेण्याचे काम गद्याकडे येते. ज्या ताणामुळे नायिकेचे गाणे अर्थपूर्ण होते, तो ताणच प्रतिनायक निर्माण करतो. जाहिरातीतील नावांचा क्रम आणि नाट्यरचनेतील स्थान या दोन भिन्न गोष्टी आहेत.

बोलपटाच्या उदयानंतर ही मंडळी चित्रपटाकडे वळली. सांगलीच्या बलवंत पिक्चर्सच्या ‘कृष्णार्जुन युद्ध’ (१९३४) या बोलपटाचे दिग्दर्शन कोल्हटकरांनी विश्राम बेडेकरांसमवेत केले. परंतु हा व्यवसाय टिकला नाही. गडकऱ्यांचे पल्लेदार वाक्य प्रेक्षागृहाच्या प्रतिसादावर तोलून धरणारी वाचिक अभिनयाची परंपरा आणि प्रेक्षकाविना काम करायला लावणारा कॅमेरा यांतील अंतर येथे विचारात घ्यावे लागते.

गायकाच्या मागे ध्वनिमुद्रिका उरतात. गद्यनटाचे बोलणे प्रयोगासोबतच विरते. म्हणूनच ‘बहुरूपी’ या आत्मचरित्राचे महत्त्व निव्वळ आठवणींपुरते नाही. १९५८ चा साहित्य अकादमी पुरस्कार लाभूनही हा ग्रंथ पुष्कळदा गडकरी आणि दीनानाथ यांच्याविषयीचे साधन म्हणूनच वाचला जातो. म्हणजे रंगमंचावरील साहाय्यक नट ग्रंथालयातही साहाय्यकच राहतो! वस्तुतः शीर्षकातच लेखकाची भूमिका आहे. नायक एका प्रतिमेत स्थिर होतो. बहुरूपी मात्र प्रत्येक सोंगासाठी स्वतःला पुसतो. या पुसण्याला अभाव न मानता कलामूल्य मानले, तर मराठी नाट्येतिहासाची मांडणी नव्याने करावी लागेल.