चित्राची पाठ

आम्ही बेळगावकर आंबोली घाट उतरून सावंतवाडीला जातो ते लाकडी फळं, खेळणी आणायला. तिथून कुडाळजवळची पिंगुळी फार लांब नाही, पण तिकडं गाडी क्वचितच वळते. तिथले परशुराम गंगावणे ठाकर आदिवासी समाजातले. २०२१ साली चित्रकथीसाठी त्यांना पद्मश्री मिळाली, तेव्हा माझ्या ओळखीतल्या काहींनी त्यांना ‘चित्रकार’ ठरवून टाकलं. माझं भांडण या शब्दाशी आहे.

चित्रकथीची पोथी म्हणजे एका कथेच्या सुट्या चित्रांचा गठ्ठा. दोन चित्रं पाठीला पाठ लावून चिकटवलेली, म्हणजे एका पानावर दोन प्रसंग. सांगणारा पान उभं धरतो, गातो, मध्येच बोलून समजावतो आणि पान उलटतो. साथीला वीणा, टाळ, हुडूक. चित्रातली मोठ्या डोळ्यांची माणसं नुसती बघितली तर थिजल्यासारखी वाटतात. त्यांना हलवायचं काम आवाजाचं. तेच पान काचेत लावलं, की अर्धी गोष्ट भिंतीकडं तोंड करून बसते! पुण्याच्या राजा केळकर संग्रहालयात चित्रकथीची जुनी चित्रं आहेत. जपली हे चांगलंच झालं, पण सांगणारा तिथं नाही.

आम्हा जैनांना हे लवकर पटावं. रविषेणाचार्यांच्या पद्मपुराणात रावणाला लक्ष्मण मारतो, राम नव्हे. धनुष्य ताणलेला वीर आणि समोर रावण, एवढं चित्र दोन्ही रामायणांना चालेल. हा बाण कुणाचा, ते सांगणाऱ्याचं तोंड ठरवणार. आणि धंदाही जुना, बघा. श्वेतांबरांच्या भगवतीसूत्रात गोशालकाचा बाप ‘मंख’ होता, चित्रफलक दाखवत फिरून पोट भरणारा.

म्हणून गंगावण्यांचं मोठेपण मला नुसत्या जतनात दिसत नाही. घरच्या गोठ्यात त्यांनी ‘ठाकर आदिवासी कला आंगण’ हे संग्रहालय उभं केलं खरं, पण वस्तू मांडून ते गप्प बसले नाहीत. चित्रकथी, कळसूत्री बाहुल्या, चामड्याच्या बाहुल्या यांचे खेळ करत राहिले, मुलांनाही त्यात घेतलं. सावंतवाडी संस्थानाचा आश्रय गेल्यावर हे सोपं नव्हतं.

खटकतं ते आपलं, बघणाऱ्यांचं वागणं. देवळात निवांत ऐकायची कथा आपल्याला पंधरा मिनिटांत हवी असते. टाळ्या झाल्या, की चित्र विकत मिळेल का, हा पहिला प्रश्न. तेवढ्या वेळात पानं उलटून होतात ती पाच-सहा. गठ्ठ्यातली बाकीची तशीच बांधून ठेवली जातात.