लिहिलेला चौक आणि काढलेले चित्र

वारली स्त्रिया लग्नाचा चौक ‘काढत’ नाहीत, ‘लिहितात’. संस्कृत ‘लिख्’ धातूत ओरखडणे, रेखाटणे व लिहिणे हे तिन्ही अर्थ एकत्र नांदतात हे ध्यानी घेतल्यास हा प्रयोग नवलाचा नव्हे. परंतु वारली कलेच्या चर्चेत त्याची दखल क्वचितच घेतली जाते. आदिवासी चित्रांतून आपली संस्कृती जतन करतात, असे सरसहा म्हटले जाते. जतन नेमके कशाचे, हा प्रश्न मात्र बाजूस पडतो.

गेरूने सारवलेल्या भिंतीवर तांदळाच्या पिठाने सुवासिनी जो चौक लिहितात, त्याचा अर्थ मधल्या पालघट देवीच्या आकृतीपुरता नाही. लिहिताना गायिली जाणारी गीते, धवलेरीचे पौरोहित्य, लग्नाचा प्रसंग या सर्वांनी मिळून ती उक्ती पुरी होते. 1970 च्या सुमारास भास्कर कुलकर्णी यांच्या प्रयत्नाने ही आकृती कागदावर आली, आणि कर्ता बदलला. डहाणू तालुक्यातील जिव्या सोमा मशे (1934–2018) हे पुरुष. त्यांच्या चित्रास मुहूर्त नव्हता, गीत नव्हते. शब्दसंग्रह टिकला, प्रयोगाचे नियम मागे राहिले.

अमेरिकेतील नवाहो लोकांत हाच पेच दिसतो. त्यांचे वाळूचित्र रोगनिवारणाच्या विधीसाठी असते व विधी संपताच मोडले जाते. होस्टीन क्लाह या विधिज्ञाने ही चित्रे विणून कायम केली, तेव्हा स्वजनांनीच हरकत घेतली. पुढे विक्रीच्या वाळूचित्रांत तपशील हेतुपूर्वक बदलण्याची प्रथा पडली. जे जपायचे ते न दाखवून जपले गेले.

मशे यांनी निराळी वाट धरली. बालपणी आईच्या मृत्यूनंतर ते दीर्घकाळ अबोल राहिले आणि धुळीत रेघा ओढून बोलत, असे सांगतात. त्यांच्या मासेमारीच्या चित्रांत जाळ्याची वीण इतकी बारीक आहे की, सारे पृष्ठ हेलकावते. ती चौकाची नक्कल नव्हे. त्याच लिपीतील नवे वाक्य आहे. साड्या व पेल्यांवर छापलेल्या तारपा नाचाच्या वेटोळ्याविषयी असे म्हणवत नाही. तेथे अक्षरे वारल्यांची असली तरी बोलणारा दुकानदार असतो. मशे यांना 2011 साली पद्मश्री मिळाली. धवलेरीच्या गीतांकडे अभ्यासकांचे लक्ष त्या मानाने फारच थोडे गेले आहे.