न रंगवलेली जागा

आज आपण इसाओ ताकाहाता यांच्याविषयी बोलणार आहोत. स्टुडिओ जिबली म्हटलं की आपल्या तोंडी आधी मियाझाकींचं नाव येतं. पण त्या स्टुडिओचे दुसरे खांब ताकाहाता. त्यांच्याबद्दल एक गोष्ट सुरुवातीलाच सांगतो : अ‍ॅनिमेशनचा हा दिग्दर्शक स्वतः चित्रं काढत नसे. टोकियो विद्यापीठात फ्रेंच साहित्य शिकून ते १९५९ मध्ये तोएई कंपनीत आले. हात इतरांचे, काय दाखवायचं आणि काय नाही, हा विचार त्यांचा.

‘ग्रेव्ह ऑफ द फायरफ्लाइज’ हा त्यांचा १९८८ चा चित्रपट तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी पाहिला असेल. मी तो नीतिशास्त्राच्या वर्गात दाखवत असे, युद्धविरोधी कलाकृती म्हणून. मुलं रडत, मला वाटे तास चांगला झाला. एकदा एका विद्यार्थिनीने विचारलं, ‘‘सर, पण सेइता त्या बाईंचं घर सोडून गेलाच कशाला?’’ मी काहीतरी सारवासारव केली. प्रश्न मात्र डोक्यातून गेला नाही.

पुढे कळलं की हा युद्धविरोधी चित्रपट नाही, असं ताकाहाता स्वतःच सांगत. आणि हे कोण म्हणतंय बघा! जून १९४५ मध्ये ओकायामा शहरावर बाँब पडले, तेव्हा नऊ वर्षांचे ताकाहाता बहिणीबरोबर आगीतून पळाले होते. मग ते असं का म्हणतात? कारण सगळा दोष युद्धाच्या माथी मारला की आपण मोकळे होतो. सेइताचा अभिमान, नात्यातल्या त्या बाईंचा कोरडेपणा, शेजाऱ्यांची बघ्याची भूमिका, यांचा हिशेब राहूनच जातो.

म्हणून सेइताचा मृत्यू ते सुरुवातीलाच दाखवतात. ‘वाचेल का?’ हा प्रश्नच संपतो. मग मेलेली भावंडं तांबूस उजेडात उभी राहून आपलं जगणं पुन्हा बघतात, आणि आपण त्यांच्या शेजारी उभे राहून बघतो. आपल्याकडे न. चिं. केळकरांनी ‘सविकल्प समाधी’ हा शब्द वापरला : तल्लीन व्हायचं, पण भान सोडायचं नाही. ताकाहातांना नेमका असाच प्रेक्षक हवा आहे.

पुढचे चित्रपट या दृष्टीने बघा. ‘ओन्ली यस्टरडे’मध्ये (१९९१) सत्तावीस वर्षांच्या ताएकोला पाचवीतलं बालपण आठवतं. वर्तमान काळ ठसठशीत, आठवणी मात्र फिकट, कडेला कागद कोरा सोडलेला. ‘माय नेबर्स द यामादाज’मध्ये (१९९९) तो कोरेपणा पडदाभर पसरतो. आणि ‘कागुया’मध्ये (२०१३) राजकन्या मेजवानीतून पळत सुटते, तेव्हा रेषा कोळशाने ओरबाडल्यासारख्या होतात. न रंगवलेली जागा भरायची कोणी? आपण, आपल्या आठवणीने.

आता दुसरी बाजू. ‘कागुया’ला आठ वर्षं लागली. अपुरी वाटणारी रेषा हलती ठेवायची, तर चित्रकाराला दुप्पट कष्ट पडतात, आणि ते कष्ट ओसामु तानाबे आणि त्यांच्या सहकाऱ्यांचे होते. स्वतः न काढणाऱ्या माणसाने दुसऱ्यांकडून इतकं मागावं का? चित्रपट मोठा झाला, एवढ्याने या प्रश्नाचं उत्तर मिळत नाही. त्यांच्यावर प्रेम करणाऱ्यांनीही तो विचारला पाहिजे.

‘कागुया’च्या शेवटी चंद्रावरचं वस्त्र अंगावर पडताच राजकन्या पृथ्वी विसरते. तिथे दुःख नाही, कारण स्मृतीच नाही. ताकाहाता २०१८ मध्ये गेले. आयुष्यभर ते त्या वस्त्राच्या विरुद्ध उभे होते असं मला वाटतं. आणि वर्गातले आमचे ते अश्रू? तेही तसलंच एक वस्त्र होतं. रडलो, हलके झालो, विसरलो. आज तो वर्ग पुन्हा मिळाला, तर मी त्या मुलीच्या प्रश्नापासून सुरुवात करीन.

आता तुमचे प्रश्न घेऊ.